धनतेरसचा हप्ता

रिसोड,
सोमवार, ११ ऑगस्ट २०२५

ती. रत्नमालाताईस,

गणेशचा नमस्कार. इकडे सर्व ठीक, असं लिहायची सवय म्हणून लिहितो. ठीक काही नाही. पाऊस बरा आहे, सोयाबीन फुलावर आहे, तुझ्या भाचीचं, निकिताचं कॉलेज सुरू झालं. तुझी राखी आली नाही. पोस्टमनला दोनदा विचारलं. "राह्यली असंन कुठी, येईन," म्हणाला.

मागच्या मंगळवारी नागपूरला गेलो होतो, बँकेबरोबरच्या आपल्या केससाठी. अडीचशे किलोमीटर गेलो, दुपारी साडेतीनपर्यंत बाकावर बसलो, आणि बँकेच्या वकिलाने कागद आणले नाहीत म्हणून पुढची तारीख मिळाली. वीस ऑगस्ट. वर आपलाच वकील म्हणतो, धीर धरा. ह्यांच्या बापाचं काय जातं?

चौदा वर्षं दालमिल चालवली, ताई. उशीर झाला असेल, पण बुडवला एक रुपया नाही. तरी खातं एका रात्रीत बुडीत. मॅनेजरला विचारलं तर म्हणे, मी नाही केलं, सिस्टीमने केलं. मी म्हटलं, "मंग सिस्टीमलेच बोलवा न बाहेर, तिच्यासंगच बोलतो." तो हसला. मला त्याची कॉलर धरावीशी वाटली. शिक्का बसताच मालखरेदीचं कर्ज बंद केलं. ऐन तुरीच्या हंगामात मोंढ्यात हात बांधून उभा राहिलो. जानेवारीपासून मिलचा पट्टा फिरलेला नाही. कमवू द्यायचं नाही आणि फेड म्हणायचं, हा कुठला न्याय?

आणि मग तुझ्या दारावर बँकेची जप्तीची नोटीस. देवळाला आलेले यात्रेकरू थांबून वाचत होते म्हणे. भाऊजींच्या ग्रॅच्युइटीतून बांधलेलं घर तू माझ्यासाठी तारण दिलंस, आणि मी त्या दिवशी शिरपूरला आलोसुद्धा नाही.

आता मुद्द्याचं लिहितो. वकिलाने प्रतिज्ञापत्र तयार केलं होतं. त्यात होतं, की मी मागच्या तीस ऑक्टोबरला रोकड घेऊन शाखेत गेलो, पण लिंक बंद होती. खातं बुडीत झाल्यावर हेच मी तुलाही सांगितलं होतं. फक्त सही करायची होती. आठ दिवस कागद टेबलावर पडून होता.

लिंक चालू होती, ताई. मीच गेलो नव्हतो.

तीन हप्ते थकले होते. तीस तारखेपर्यंत त्यातला जुना एक भरला असता तर खातं वाचत होतं; त्यानंतर तिन्ही भरल्याशिवाय शिक्का पुसत नाही. एकाचे पैसे हातात होते. पण आदल्या दिवशी धनतेरस होती. नोटा मी ताटात मांडल्या, हळदकुंकू वाहिलं. पूजेला बसलेली लक्ष्मी पाडव्यापर्यंत घराबाहेर काढायची नाही, ही बाबांची रीत. म्हटलं, दोन-चार दिवसांनी काय आभाळ कोसळतं? पाडव्याला सुट्टी, मग रविवार. सोमवारी गेलो तेव्हा आभाळ कोसळून झालं होतं.

तीसला तुझा फोन आला होता. "भरला का रे हप्ता?" मी म्हटलं, "भरला." भाऊबीजेला तू मला ओवाळलंस तेव्हा त्या नोटा आतल्या खोलीत होत्या.

काल वर्षाराणीला सगळं सांगितलं. वाटलं, बायको तरी बाजूने बोलेल. ती म्हणाली, "बँकेले शिव्या द्या, तुमचा हक्क हाये. पन ताईले काहून फसवून राह्यले?"

तो कागद फाडला. वकिलाला फोन केला, खरं तेच लिहा, आणि पुढे लिहा की आधी मिल विका, जागेसकट विका, ताईचं घर शेवटी. "मंग केसमंदी राह्यलं काय?" म्हणाला. बँक ऐकेल की नाही, माहीत नाही. ऐकलं तर मिल जाईल. नाही ऐकलं तर तुझं घर जाईल, माझ्यामुळे. विसाला हे सगळ्यांसमोर वाचलं जाईल. त्याआधी तुला माझ्याकडून कळावं.

उद्या सकाळच्या एसटीने शिरपूरला येतो आणि हे पत्र हातात देतो. समोर बसून बोलायची माझ्यात धमक नाही. तू वाचशील तोवर ओट्यावर थांबेन. आत बोलवायचं की नाही, तू ठरव.

राखी पोस्टात राहिली नाही, तू पाठवलीच नाहीस, हे मला पोस्टमनला पहिल्यांदा विचारलं तेव्हाच कळलं होतं.

पैसे ताटात ठेवून तुला "भरला" म्हणणारा,
तुझा धाकटा
गणेश