साकेतचा नळाचा गेम

१६ जून २००३, सोमवार

आलं: कॉम्प्युटर, जुना, हुबळीहून कोप्पीकर रोडवरून, साडेअकरा हजार. टेंपो, दोनशे. वर झाकायला प्लास्टिक, तीस. लाइट गेली तरी कॉम्प्युटर चालू ठेवणारा बॅटरीचा डबा, घेतला नाही. बावीसशे वाचले. हे म्हणाले, घेऊन टाकू या की. मी म्हटलं, लाइट गेली तर पोरगा जेवायला तरी उठेल.

साकेतनं पुण्याची नोकरी नाकारली. घरी बसून स्वतःचा गेम तयार करणार. एक वर्ष मागितलंय. आम्ही दिलं.

ठरवलं: वर्षभर त्याच्या कामात एक शब्द बोलायचा नाही.

१७ जून

बोलले. पण कामाबद्दल नाही, पाठीत पोक काढून बसण्याबद्दल. ते धरायचं नाही.

३ जुलै, गुरुवार

रायरांच्या मठात दर्शनाला गेले, तिथं शेजारच्या अंबूताई भेटल्या. साकेत काय करतो, विचारलं. बँकांचं कॉम्प्युटरचं काम करतो, म्हटलं. मठात नाही सांगितलं. बाहेर येऊन, चपला घातल्यावर.

५ जुलै

अंबूताई पेन्शनचं पासबुक घेऊन हजर. व्याज कमी लागलंय, साकेतला बघू दे म्हणाल्या. मी डोळ्यांनी खुणावत होते, पण हा मुलगा सरळ. म्हणाला, मावशी, मी बँकेचं नाही करत, गेम करतो. म्हणजे खेळतोस? नाही, दुसऱ्यांनी खेळायचा मी तयार करतो. त्यांनी खेळायचं, तर मग तुला काय रे, असं विचारून त्यांनी दोन चमचे पोहे जास्त मागून घेतले. जाताना दारात मला म्हणाल्या, कुसुमक्का, काळजी करू नका, लग्न झालं की सुधारतात.

माझी मान वर होईना. पोहे मात्र चांगले झाले होते.

२० ऑगस्ट

गेम पाहिला. नळाला आठ दिवसांनी पाणी येतं, ते जायच्या आत एका बाईनं घरातली सगळी भांडी भरायची. शेजारीण मध्येच आपली घागर घुसवते. बाईचा अंबाडा माझा. चालणंही माझंच, डाव्या पायावर जरा जोर देऊन. घागर सांडली की ती कंबरेवर हात ठेवून वर बघते, देवाकडं.

आईची चेष्टा जगाला दाखवणार काय, म्हणून मी रागावले. साकेत म्हणाला, चेष्टा नाही आई, हिरॉइन आहेस तू. हे पेपरामागं हसत होते. पेपर हलत होता.

२८ ऑगस्ट

दुपारी साकेत झोपल्यावर धूळ पुसायला गेले. धूळ कुठं कुठं बसते ते कळावं म्हणून गेम जरा चालवून बघितला. तिसऱ्या पायरीपर्यंत गेले. बंबात पाणी आधी भरायचं असतं, हे त्याला कळलेलं नाही. सांगणार नव्हते. संध्याकाळी सांगितलं. त्यानं लगेच बदललं. यात मी बोलले असं होत नाही, त्यानं विचारलं असतंच.

४ ऑक्टोबर, शनिवार. सकाळ

खंडेनवमी. अमेरिकेतल्या कुठल्याशा स्पर्धेला गेम पाठवायचा आज शेवटचा दिवस. टेलिफोनच्या वायरीतून जातो, फार सावकाश. साकेत रात्रभर जागाच. पाठवणं सुरू करून झोपायला जाताना म्हणाला, आई, संध्याकाळपर्यंत कॉम्प्युटरला हात लावू नकोस. बरं म्हटलं.

पण सणाचा दिवस. ह्यांच्या सायकलीची पूजा झाली, विळीची झाली, शिवणाच्या मशिनची झाली. पोराच्या पोटापाण्याचं हत्यार तेवढं बिनपूजेचं ठेवायचं? आणि आज हत्यारानं विश्रांती घ्यायची असते. चालत्या मशिनला कुंकू कसं लावायचं? आरतीपुरतं भिंतीवरचं बटण बंद केलं. दहाच मिनिटं. मग लगेच चालू केलं. तेवढ्यात फोनही मोकळा झाला.

त्याच्याच भल्यासाठी केलं.

त्याच दिवशी, रात्री

बंद केलं की पाठवणं मधूनच पुढं सुरू होत नाही म्हणे. पहिल्यापासून सगळं. आणि घरच्या फोनवरून तेवढं जायला वेळ उरला नव्हता.

साकेतनं विचारलं, आई, बटण कोणी बंद केलं? मी म्हटलं, लाइट गेली होती. कपाळाला कुंकू लावून, सणाच्या दिवशी. अगदी खोटंही नव्हे. लाइट रोज जातेच.

तो सायकल काढून सुभाष रोडला गेला, तिथून बसनं हुबळीला. जिथं जिथं इंटरनेट आहे तिथं शटर खाली, शटरला केळीचे खांब आणि झेंडू. सगळ्यांनी आपापल्या कॉम्प्युटरची पूजा करून त्यांना विश्रांती दिलेली.

५ ऑक्टोबर

दसरा. साकेतनं सोनं म्हणून बन्नीची पानं माझ्या हातात ठेवली, वाकला, सोन्यासारखं राहू या म्हणाला. मी आशीर्वाद दिला. काय म्हटलं आठवत नाही.

ठरवलं: उद्या खरं सांगायचं.

६ ऑक्टोबर

एकादशी. उपासाच्या दिवशी असले विषय नकोत.

९ ऑक्टोबर, गुरुवार

हे मास्तर, त्यामुळं वीज ऑफिसला दोन पानी तक्रार देऊन आले होते. आज वायरमन दारात. साकेतसमोरच मला म्हणाला, अव्वा, खंडेनवमीला करंट गेलाच नाही. ड्यूटीवर मीच होतो. पूजेच्या दिवशी आम्ही घालवत नाही.

हे आत गेले. साकेत माझ्याकडं बघत राहिला, मग वायरमनला पाणी आणून दिलं. रात्री जेवून स्वतःचं ताट स्वतः घासून ठेवलं. आजवर कधी घासलं नव्हतं.

१० नोव्हेंबर

साकेतनं वर्ष पुरं होऊ दिलं नाही. बेंगळूरला नोकरी धरली. विम्याचे फॉर्म भरायचं सॉफ्टवेअर. मला हवी तशीच. अंबूताईंना पेढे दिले. त्या म्हणाल्या, आणि तो गेम, कुसुमक्का? आमची नात मेधा विचारत होती, कधी येणार म्हणून. मी म्हटलं, येईल. घरी येऊन उरलेले पेढे झाकून ठेवले, कुणी खाल्ले नाहीत.

४ डिसेंबर, गुरुवार

साकेतचे दोन फोन आले, दोन्ही ह्यांच्याशी. मला बोलायचं नव्हतंच, कुकर लावला होता. कार्ड लिहिलं. आधीची तीन फाडली. हे असं:

चि. साकेत यास अनेक आशीर्वाद. आम्ही खुशाल. अंबूताई मेधाच्या टायपिंगसाठी तुझा कॉम्प्युटर मागताहेत. हे म्हणतात, तू विका म्हणालास. मी अजून हो म्हटलेलं नाही. इकडं लाइट चांगली असते. खंडेनवमीलाही होती. बटण मी बंद केलं होतं. कॉम्प्युटर द्यायचा की तुझ्यासाठी ठेवायचा, ते उलट टपाली कळव. ह्यांना नको, मला कळव.