जाळी तुटल्याचं नानांना कोण सांगतं

३ नोव्हें., सोम.
सकाळीच जळगावहून मालकांचा, नानांचा फोन. "ग्राइंडरच्या तोंडावरची जाळी तुटलीय म्हणे?" नाना इथे नरडाण्याला येतात दोन महिन्यांतून एकदा. मग कळलं कसं? कारखान्याचा मॅनेजर मी. मला डावलून वर कोण बोलतंय?
"काम चालू आहे," म्हणालो. चालू नव्हतं.

४, मंगळ.
टाकाऊ पाइप दळायच्या त्या मशीनवर कमलअक्का असतात. शुक्रवारपासून दोनदा सांगून गेल्या. मी "बघू" म्हणालो. माल निघायचा होता, मशीन थांबवलं असतं तर...
आज चहाच्या सुट्टीत अक्का मोबाइल घेऊन गेटबाहेर. मी दिसताच फोन पदराखाली.

६, गुरु.
सगळ्यांना बजावलं, तक्रार आधी माझ्याकडे. सगळ्यांच्या माना खाली. अक्का तेवढ्या बघत होत्या. दुपारी त्यांना पॅकिंगला हलवलं, ग्राइंडरवर सुनंदा. नवी आहे. शिक्षा म्हणून नाही, असं स्वतःला सांगितलं.

७, शुक्र.
सुनंदाच्या साडीवरच्या शर्टाची बाही मशीनमध्ये ओढली गेली. अक्का पॅकिंगवरून धावल्या, बटण दाबलं. हात वाचला. कोपरापर्यंत सोललाय. धुळ्याला दाखवून आणलं, हाड शाबूत. आल्यावर स्वतः उभं राहून जाळी वेल्ड करून घेतली. तासाभराचं काम!
मी कळवायच्या आत नानांचा फोन. अक्कांना केबिनमध्ये बोलावलं.
"पुन्हा तुम्हीच ना?"
"मी नही करत, भाऊ. नानाच फोन करतस. इचारतस, मॅनेजर कसा शे."
"कधीपासून?"
"दिवाळीना आगोदरपाईन."
"आणि तुम्ही काय सांगता?"
"जे शे ते. तुमले बी तेच सांगं व्हतं."


८, शनि.
नानांचा फोन. "काय, ठीक सगळं?" हा प्रश्न की परीक्षा? महिनाभर काय काय विचारलं असेल त्यांनी? तरी सगळं सांगून टाकलं. दोनदा "बघू" म्हणालो ते, अक्कांना का हलवलं ते, सुनंदाचा हात. मग, "सोमवारी जळगावला या. कमलबाईंना घेऊन."
कशाला, ते विचारायची हिंमत झाली नाही.
पॅकिंगला जाऊन अक्कांना निरोप दिला. खोक्याला चिकटपट्टी लावता लावता म्हणाल्या, "माहीत शे, भाऊ. माले कालदिनच सांगं त्यास्नी."