प्रेस खात्यातली धूळ

४ मार्च

फिल्टर कोरे आले. सहाच्या सहा!

शुक्रवारी प्रेस खात्यातल्या सहा माणसांना मी पंप लावले होते. कमरेला पंप, तिथून नळी, नळीच्या टोकाला कॉलरवर एक डबी आणि डबीत नाण्याएवढा गोल फिल्टर. माणूस आठ तास जी हवा ओढतो, तीच डबी ओढते. फिल्टरचं वजन आधी करायचं, नंतर करायचं. जेवढं वाढलं तेवढी धूळ. यात चुकण्यासारखं काही नाही.

आणि वाढलंच नाही. प्रेस खात्यात! जिथे कोरडी माती साच्यात दाबून फरशा काढतात, जिथून बाबा घरी येतात तेव्हा भुवया पांढऱ्या असतात, तिथे धूळ नाही!

काटा बिघडला असेल. तपासला. परत तपासला. काटा ठीक आहे.

५ मार्च

एक फिल्टर आम्ही मुद्दाम वापरत नाही. तो कारखान्याच्या प्रयोगशाळेत, माझ्या कपाटातच राहतो, तुलनेसाठी. आज त्याचंही वजन केलं. तो किंचित वाढलाय, हवेतल्या ओलीने वाढतोच. बाबांचा तेवढाही वाढलेला नाही.

म्हणजे जो फिल्टर कपाटाबाहेर पडला नाही, तो आठ तास बाबांच्या गळ्याशी असलेल्या फिल्टरपेक्षा मळका!

पंप परत पाहिले. बाबांच्या जोडीला काम करणाऱ्या लंबूच्या नळीवर एक निळं रबरबँड अडकलेलं होतं. डबीवर प्लास्टिकची पिशवी बांधली होती त्यांनी. सगळ्यांनी.

पंप लावताना लंबू म्हणाला होता, "काटाबाई, माझंही वजन कर की. बायको म्हणते वाळलो." सगळे हसले होते. बाबाही. मीही हसले. पिशव्या तेव्हा त्यांच्या खिशातच असणार.

६ मार्च

बाबांना विचारलं. जेवताना, आत्यासमोर. खोटं बोलले नाहीत.

"बांधली पिशवी. मग?"

"मग काय बाबा! ती धूळ तुमच्या छातीत जाते."

"छातीत जाते ते मला कळतं. सत्तावीस वर्षं जातेय. तुझ्या कागदावर गेली तर खातं बंद होईल. माझी दोन वर्षं राहिलीत निवृत्तीला. दोन."

मी म्हटलं, खातं का बंद होईल, धूळ ओढणारी यंत्रं बसवतील. बाबा माझ्याकडे असे बघत राहिले, जशी मी अजून फरशीवर कोळशाने अ आ काढतेय.

आत्या उठली. ताटं उचलून घेऊन गेली.

७ मार्च

शाळेत जाण्याआधी मला आत्यानेच शिकवलं. आई गेल्यावर दोन वर्षं मला घराबाहेर पाठवायला बाबांचा धीर झाला नाही. पाटी नव्हती. बाबा तुटक्या फरशा आणायचे, आम्ही त्यावर लिहायचो आणि ओल्या फडक्याने पुसायचो. वजनमापंही आत्यानेच शिकवली, स्वयंपाकघरातल्या तराजूवर. मी डाळ तोलताना बोट टेकवलं तर टपली मारायची. "तुझं बोट विकायचंय का?"

बाबांनी एकच गोष्ट शिकवली. फरशी उचलायची, पेराने टकटक करायची आणि ऐकायचं. आत तडा असेल तर आवाज बसका येतो, वरून काही दिसत नसलं तरी. मला पाचव्या वर्षी ऐकू यायचा.

आता बाबा जिना चढताना प्रत्येक वळणावर थांबतात आणि खिशात किल्ली शोधतात. किल्ली माझ्याकडे असते.

९ मार्च

मंत्रालयाचा फॉर्म आलाय. देशात फरशा, कपबशा, संडासाची भांडी, विजेच्या खांबांवरचे इन्सुलेटर, असं मातीचं जे काही भाजतात त्या सगळ्या कारखान्यांना एकच फॉर्म. बत्तीस पानं. माती किती टन, गॅस किती, पाणी किती, माणसं किती, माल बाहेर किती गेला, हवेत धूळ किती. यावरून म्हणे ठरणार की या धंद्याला गॅस स्वस्त द्यायचा का, आणि बाहेरून येणाऱ्या फरशीवर कर बसवायचा का. ती फरशी आमच्या बंदरावर उतरते तेव्हा आमच्या कच्च्या मालापेक्षा स्वस्त असते. कशी, ते कुणालाच सांगता येत नाही.

भरायचं काम माझं. बत्तीस पानांत 'परिसरावरील परिणाम' याला एक ओळ!

मी कारखान्याच्या साहेबांना म्हटलं, एका ओळीत कसं बसणार? ओढा पांढरा झालाय. भट्टीच्या अंगाच्या झाडांची पानं कडेने जळल्यासारखी होतात. माती काढून काढून तीन खड्डे पडलेत, त्यांतल्या एकात तर भट्टीची चिमणी उभी मावेल.

"परिणाम मर्यादित, असं लिहा."

"किती मर्यादित?"

"ओळीएवढा," साहेब म्हणाले. स्वतःच हसले आणि मग चष्मा काढून डोळे चोळत बसले. गॅसचा दर वर्षात दुप्पट झाला. तीन भट्ट्यांपैकी एकच चालू आहे. साहेब वाईट नाहीत. वाईट असते तर बरं झालं असतं.

११ मार्च

सांगून टाकलं. नमुने ग्राह्य धरता येत नाहीत, डब्या झाकलेल्या होत्या.

साहेब म्हणाले, "मी तुम्हाला खोटं लिहायला सांगत नाही. कधीच सांगणार नाही. फिल्टरवर जे आहे तेच लिहा ना."

फिल्टरवर काहीच नाही!

"मग काहीच नाही असं लिहा."

 घरी येईपर्यंत दहा उत्तरं सुचली.

१२ मार्च

परत मोजणी करायची असं लिहून दिलं.  अक्षर वाईट आलं म्हणून अर्ज पुन्हा लिहिला.

१४ मार्च

कुणी पंप लावून घेत नाही. लंबू म्हणाला, "माझ्या कॉलरला हात लावायचा नाही. बायकोला विचारून ये." कुणी हसलं नाही.

मग मी स्वतःलाच लावला. बाबांच्या प्रेसशेजारी उभी राहिले, आठ तास.

पहिला तास बाबा फरशाच काढत राहिले. मग म्हणाले, "तिकडे पंख्याजवळ उभी राहा." नाही गेले. "अगं, तिकडे हवा बरी आहे." म्हणूनच नाही गेले. दुपारी त्यांनी तोंडावरचा रुमाल सोडून माझ्या तोंडाला बांधला आणि स्वतः तसेच काम करत राहिले. काढू दिला नाही.

सुट्टी झाल्यावर सगळे जण हवेच्या नळीने कपडे झटकतात. दिवसभर खाली बसलेलं परत वर उडतं. पाणी मारून झाडा, असं भिंतीवर लिहिलंय. ते अक्षरही दिसत नाही इतकी धूळ आहे त्यावर.

बाबांनी माझी पाठ हाताने झटकली. जोरात. लहानपणी पडल्यावर झटकायचे तशी.

१६ मार्च

धूळ कायद्याच्या मर्यादेच्या चौपट.

एका दिवसात माझ्या वाट्याला हे. बाबांच्या सत्तावीस वर्षांचा गुणाकार करायला घेतला आणि कागद फाडून टाकला.

१८ मार्च

अहवाल दिला. सही केली.

आत्याला सांगितलं. ती कणीक मळत होती, थांबली नाही. "खरं लिहिलंस ना?"

हो.

"मग झालं तर. आता दादाला काय सांगायचं तेही लिहून ठेव कुठेतरी. मला सुचत नाहीये."

२० मार्च

बाबा माझ्याशी बोलत नाहीत. रागाने नाही. बोलायला घेतात, मग खोकला येतो, मग राहून जातं.

२ एप्रिल

साहेबांनी बोलावलं. वर चर्चा झाली म्हणे. "तुमच्या अहवालाची दखल घेतली आहे. प्रेस खात्याची सोय करतोय." मी विचारलं, धूळ ओढायची यंत्रं? "सोय करतोय," परत तेवढंच.

घरी येऊन सांगितलं. बाबांनी नुसती मान हलवली, पण जेवण नीट जेवले. आत्या म्हणाली, "बघ, मी म्हणत नव्हते?" ती काहीच म्हणाली नव्हती! किती दिवसांनी हसलो.

लंबूसुद्धा फाटकाशी बोलला. "काटाबाई, यंत्र आलं की पहिला श्वास माझा हां. मी सगळ्यात उंच."

२२ एप्रिल

यंत्र आलं नाही. प्रेस गेले.

सकाळी दोन ट्रक उभे होते. चारही प्रेस साखळदंडांनी बांधून उचलले. खाली जमिनीवर त्यांच्या आकाराचे चार काळे चौकोन राहिले. सत्तावीस वर्षांनी तिथली जमीन दिसली.

खातं बंद. कारखाना आता कच्च्या फरशा बाहेरून घेणार आणि फक्त झिलई देऊन भाजणार. "हिशेब बसत नव्हता," साहेब म्हणाले. "धूळ ओढायला जो खर्च आला असता, त्यात आणखी एक भट्टी चालते. तुमच्यामुळे नाही हो. तुमचा अहवाल फक्त निमित्त झाला." हे त्यांनी मला धीर द्यायला सांगितलं.

बाबांना काय सांगितलं ते कळलं नाही. ते चौकोनांकडे बघत होते.

२३ एप्रिल

मी मोजलं नसतं तर.

मी मोजलं नसतं तर दोन वर्षं. मी मोजलं नसतं तर कदाचित सहा महिने, गॅस वाढतोच आहे. मी मोजलं नसतं तर छाती. मी मोजलं म्हणूनही छाती. सगळीकडून फिरून तिथेच येते.

२९ एप्रिल

प्रेस कुठे गेले ते कळलं. आमच्याच गल्लीच्या मागे!

पत्र्याच्या चार शेड आहेत, पूर्वी तिथे भंगार असायचं. एकेका शेडमध्ये एकेक प्रेस. कारखान्याने भाड्याने दिलेत. माणसंही तीच. शेडमध्ये नऊच माणसं ठेवायची असं ठरलंय. दहावं माणूस आलं की तपासणीचा कायदा लागू होतो. नवापर्यंत तो घरगुती धंदा.

एक शेड लंबूने घेतली आहे. पाटीही लावली. मला बघून पाय ओढत बाहेर आला. "या मालकीणबाई. काटा आणला नाहीस ना?" थट्टाच होती, पण दारात आडवा उभा राहून.

बाबा त्याच्याकडे लागलेत. जेवढ्या फरशा तेवढी मजुरी. निवृत्ती वगैरे विषय संपला. पंखा नाही. खिडकी आहे, पण शेजारी ओरडतात म्हणून बंद ठेवतात.

६ मे

वाळत घातलेले कपडे आत्या आता दोनदा झटकते. गटाराचं पाणी पांढरं. आत्या म्हणाली, "ओढा घरी आला आपल्या." मग माझं तोंड बघून म्हणाली, "तुला नाही गं बोलले."

मलाच बोलायला हवं. कुणीतरी बोला ना!

१३ मे

बसने तीन तास जाऊन मंत्रालयाच्या कचेरीत गेले, जिथे ते बत्तीस पानांचे फॉर्म जमा होतात. कारकून बाई चांगल्या होत्या, पाणी दिलं. मी शेडचं सांगितलं.

"कुठल्या शेड? यादीत कारखाने आहेत. शेड नाहीत."

मग यादीत घ्या!

"घ्यायला आधी मोजणी लागते."

मग मोजा!

"मोजायला यादीत असावं लागतं ना, बाई." त्या स्वतःच ओशाळल्या. मग हळूच म्हणाल्या, "तुमच्या कारखान्याचं मात्र छान झालंय. माल तेवढाच, गॅस कमी, माती कमी. आमच्या तक्त्यात तुम्ही वर गेलात. बरेच जण आता तसंच करतायत."

बरेच जण.

बसमध्ये कडेने दिसतील तेवढ्या पत्र्याच्या शेड मोजत आले. मग मोजणं सोडलं.

२० मे

पंप मागून आणला, परवानगी घेऊन, रजिस्टरमध्ये लिहून. निदान एका शेडची मोजणी हातात असेल तर कारकून बाईंपुढे ठेवता येईल. सकाळी दहाला लंबूच्या शेडवर गेले. दार आतून बंद.

ठोठावलं. आत प्रेस चालू होता, दारावर हात ठेवला तर दार थरथरत होतं.

"कोण आहे?" बाबांचा आवाज.

"मी आहे, बाबा."

प्रेस दोनदा दाबला गेल्याचा आवाज आला. धाप टाकत बाबा म्हणाले,

"आज सुट्टी आहे."

"बाबा, मशीन चालू आहे."

"सुट्टी आहे बाळा. जा तू. ऊन लागेल."

किती वेळ उभी होते कोण जाणे. दाराखालच्या फटीतून पांढरं बाहेर येत होतं, माझ्या चपलांवर बसत होतं. आत कुणीतरी खोकलं, मग दुसरं कुणीतरी. त्यातला बाबांचा ओळखू आला. बसका.

२१ मे

पंप परत केला. रजिस्टरमध्ये 'वापरला नाही' असं लिहिलं.

३ जून

तिमाही मोजणी. प्रेस खात्याच्या जागेत आता रिकामे खोके ठेवतात. तिथल्या दोन माणसांनी डब्या आठ तास उघड्या ठेवल्या, मी स्वतः समोर बसून होते. फिल्टर कोरे आले. अहवालातला प्रत्येक आकडा खरा आहे. सही केली.