बेशुद्ध बाईचं काम

४ फेब्रुवारी

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

फोनवर तू सगळं छान चाललंय म्हणतेस, पण पत्रात तुझं अक्षर चुगली करतं, म्हणून मी पत्राचाच हट्ट धरते. संवाद पाठ राहत नाहीत, हे तू कोपऱ्यात इतकं बारीक लिहिलंस की मला चष्मा पुसून वाचावं लागलं.

अगं, चोविसाव्या वर्षी तू रंगमंचावर चाळिशीच्या नायकाची आई झालीस. तेव्हा तुला तिन्ही अंक पाठ असायचे, तुझेच नाही, सगळ्यांचे. मग सिनेमात मावशी, घरमालकीण, हेडनर्स. तुझं नाव पडद्यावरून सरकून जायच्या आत वाचायचं म्हणून आम्ही खुर्चीच्या टोकाला बसायचो. आणि आता मालिकेची दोन पानं तुला रडवतात?

माझं ऐक, दिग्दर्शकाला खरं काय ते सांगून टाक. तो तुला आई म्हणतो, सांभाळून घेईल. लपवशील तर चारचौघांत फजिती होईल.

इकडे यांचा गुडघा कुरकुरतोय आणि हेही. माया आहे तशीच राहू दे.

तुझी,
धाकटी

२६ फेब्रुवारी

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं ऐकलं. दिग्दर्शकाने माझा हात हातात घेतला आणि काळजी करू नका म्हणाला. दुसऱ्याच दिवशी लेखकाने मला जिन्यावरून पाडलं. तेव्हापासून मी बेशुद्ध आहे.

सकाळी नऊला गाडी येते. मेकअपवाली मला पांढरीफटक करते, नाकाला नळी चिकटवते, आणि दिवसभर मी पलंगावर. वाक्य एकही नाही. सोपं समजू नकोस हं! पापणी थरथरते, नेमकं तेव्हाच गिळावंसं वाटतं. काल खरंच डोळा लागला, तर घोरते म्हणून उठवलं.

वाईट वाटून घेऊ नकोस. घरी बसले तर मी संपेन गं. इथे निदान कुणीतरी हाक मारतं. हे काम टिकावं, एवढंच मला हवंय. गुडघेवाल्यांना आशीर्वाद, तुला दोन जास्त.

ताई

९ मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

मीच सांग म्हटलं आणि तुझं बोलणं बंद झालं. रोज साडेसातला आम्ही टीव्हीपुढे बसतो. हे म्हणतात, काय सुंदर पडून राहते! मी उठून स्वयंपाकघरात जाते. तुझ्याकडे यावं तर यांचं ऑपरेशन वीस तारखेला. मला काहीच करता येत नाही, ताई. निदान पाठीखाली मऊ उशी मागून घे. रागावू नकोस.

तुझी,
धाकटी

१८ मार्च

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

रागावले नाही. पण एक घोळ झालाय.

मालिकेतला माझा मुलगा काल पलंगाशी बसून पानभर बोलणार होता. सकाळपासून माझ्या कानाशी घोकत होता. कॅमेरा सुरू झाला आणि तिसऱ्या वाक्याला तो अडला. आणि मी ते वाक्य हळूच त्याला दिलं! सुरुवातीची तीन वर्षं विंगेत उभी राहून मी तेच तर करायचे. तो पुढे बोलत गेला. ओरडला तो आवाजवाला, की बेशुद्ध बाई बोलतेय.

सगळे हसले, मीही हसले. दुसऱ्यांदा तो पुन्हा अडला, मी पुन्हा सांगितलं. चौथ्यांदा कुणी हसलं नाही. माझी चार वाक्यं डोक्यात राहत नव्हती आणि त्याचं अख्खं पान राहिलं, याला काय म्हणावं?

दिग्दर्शक पलंगावर येऊन बसला. आता आराम करा म्हणाला. मी त्याला विनवलं, की तोंडाला चिकटपट्टी लाव, चादर वर घे, हवं ते कर. तो रडला. पण रडून त्याने काही बदललं नाही.

सोमवारच्या भागात मी जाते. आज ते चित्रीकरणही झालं. उद्यापासून गाडी येणार नाही. तू सोमवारी टीव्ही लावू नकोस, एवढं ऐक.

ताई

२५ मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

यांचं ऑपरेशन नीट झालं. तुझं ऐकलं नाही. दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीत टीव्ही होता, तिथे उभी राहून पाहिलं. फार चांगलं केलंस गं. मी शेवटपर्यंत तुझ्या छातीकडे बघत होते, श्वास कुठेच दिसला नाही. मुलगा रडला, सून रडली, आणि तू हललीच नाहीस.

मग मी दवाखान्याच्या फोनवरून तुला फोन केला. तू उचललास. हॅलो, कोण, असं तीनदा विचारलंस. मला एक शब्द बोलता आला नाही. ती मी होते, ताई.

तुझी,
धाकटी