कॅमेऱ्यामागचा आवाज

३ मार्च, सोमवार
उलरिकेबाई भेटल्या. मरीन परेडच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या स्वस्त खाऊगल्लीत, घामाघूम होऊन मासा खात होत्या. साठीच्या जर्मन बाई. पस्तीस वर्षं कामगारांवर माहितीपट काढतायत. पहिला वडील राबायचे त्या कोळसाखाणीवर. मग एक कत्तलखाना — तिथं मालकाच्या माणसांनी यांचा हात दारात चिरडला, दोन बोटं गेली. उरलेल्या तीन बोटांत चॉपस्टिक्स माझ्यापेक्षा बऱ्या धरतात!

आता इथल्या जहाजांच्या यार्डावर फिल्म. कामगारांचं मराठी-हिंदी मी इंग्रजीत उतरवायचं. "मारणारा हात कुणीही दाखवतो," म्हणाल्या. "मी मारायला सांगणारा शोधते."

यार्डाचं नाव ओळखीचं निघालं, ते त्यांना सांगितलं नाही. सारंग, माझा नवरा, तिथंच सेफ्टी मॅनेजर. त्याला न विचारता हो म्हणून आले.

६ मार्च
निशिकांतची मुलाखत. नांदेडचा वेल्डर. उंचावर काम करताना बांधायचे पट्टे कुजलेत म्हणून सह्या गोळा करत होता. सुपरवायझरनं पाइपनं झोडला. तीन बरगड्या मोडल्या. "ताई, थुंकलो तर रक्त. मागून कुणीतरी मराठीत बोललं, पण कान वाजत होते."

मित्रानं छातीच्या खिशातल्या फोनवर चोरून शूट केलंय.

७ मार्च
व्हिडिओ पाहिला. एकोणतीस सेकंद. पाइप बसतो तेव्हा ओली फांदी मोडल्यासारखं वाजतं. निशिकांत गुडघ्यांवर, मग तोंडावर. चौथ्या फटक्यानंतर कॅमेऱ्यामागून अगदी शांतपणे —
"डोक्यावर नको. दिसतं."

सारंग. लेकीचा, श्रियाचा अभ्यास घेतो त्याच आवाजात.

त्या वाक्याच्या जागी टाइप केलं, 'आवाज अस्पष्ट'. माझा इथं राहायचा पास त्याच्या नोकरीच्या पासवर, श्रियाची शाळा त्याच्या नोकरीवर. भ्याले, दुसरं काही नाही.

१२ मार्च
उलरिकेबाईंचा फोन. "ते अस्पष्ट पुन्हा ऐकशील? रविवारी दाखवायचंय." त्यांची रीतच आहे — फिल्म आधी मार खाल्लेल्यांना दाखवायची, मग जगाला. निशिकांत पहिल्या रांगेत बसणार.

१४ मार्च
जेवताना सारंगला व्हिडिओतल्या त्या आवाजाबद्दल विचारलं. भात कालवता कालवता म्हणाला, "अगं, वाचवला मी त्याला. डोक्यात बसला असता तर मेला असता." मग हात धुतले, श्रियाला आजूबाजूच्या मुलांत खेळायला खाली पाठवलं, दार लावलं.

१५ मार्च
कमरेच्या पट्ट्यानं. पाठीवर. पालथं झोपूनच लिहितेय.

या वहीत हे कधी लिहिलं नव्हतं. अकरा वर्षं झाली. डोक्यावर कधीच नाही.

'आवाज अस्पष्ट'च्या जागी ती ओळ भरली. बोलणाऱ्याचं नाव लिहिलं, हुद्दा लिहिला. उलरिकेबाईंना पाठवली.