मागच्या कुंपणावरची शिवलिंगी

मम्मी,

जिनेश आणि मी पुण्याला डॉक्टरांकडे गेलोय. सूर्यास्ताच्या आत जेवायला येऊ. मुगाची डाळ भिजत घातली आहे.

मागच्या कुंपणावरची वेल दोन महिन्यांत गच्चीपर्यंत चढली, तेव्हा तुम्ही म्हणालात, तोंडली आहे. मीही मानलं. पण तोंडली लांबट असतात. ही फळं बोरासारखी गोल, आणि पिकून लाल झाली तरी अंगावरचे पांढरे पट्टे तसेच. काल बाजारात रानभाज्या विकणाऱ्या घाटघरच्या हौसाबाईंना मी फांदी दाखवली. त्यांनी फळ दाबून पिंडीसारखं दिसणारं बी काढलं. म्हणाल्या, "ही शिवलिंगी हाय ताई. पोर व्हावं म्हून बी दुधातनं देत्यात. पर इचारल्याबिगर खाऊ नगा, बाधतं."

तेव्हा मला रोजच्या दुधातली कचकच कळली. राग आला नाही. तुम्ही तो पेला किती जपून आणता, ते मी बघते. पण आजपासून नको.

मम्मी, माझे रिपोर्ट चांगले आहेत. मे महिन्यातच आले. उपचार जिनेशना घ्यायचे आहेत. कुणाला सांगू नको म्हणाले, म्हणून मी तुमचे प्रश्न गप्प बसून ऐकले. आज सकाळी त्यांना दुधाचं सांगितलं. ते म्हणाले, "मम्मीला माझ्या तोंडून सांगवणार नाही. तू लिहून ठेव."

आल्यावर त्यांना काही विचारू नका. नुसतं तुमच्या शेजारी जेवायला बसवा.

रिद्धी