पहिली वेलांटी

५ जानेवारी

गुप्तहेर कॅप्टन दिलावरची बारा जुनी पुस्तकं तपासून झाली. पुन्हा छापायची आहेत. बाराही पुस्तकांत ‘आशिर्वाद’! तपासाला निघताना दिलावर आईच्या पाया पडतो, तिथेच दर वेळी ‘शि’ला पहिली वेलांटी. सगळीकडे दुसरी केली. दहावी नापास असलो तरी शुद्धलेखनात अख्ख्या मेरठमध्ये कुणाला हार जाणार नाही.

८ जानेवारी

विमलेश अम्मा छापखान्यात आल्या. हातात तीळ-गुळाच्या गजकची पुडी. त्यांचे यजमान, बृजपाल त्यागीजी, दिलावर लिहायचे. जाऊन सहा वर्षं झाली. कव्हरवर लेखक म्हणूनही कायम दिलावरचंच नाव!

“लालाजी, या खेपेला यांचं नाव छापा. दुसरं काही मागत नाही.”

आमचे मालक सिंघल लालाजी म्हणाले, “भाभीजी, दिलावरच्या नावानं सात जण लिहायचे. त्यागीची कुठली, कसं कळणार?”

“मी सांगितली तर?”

“बायकोच्या साक्षीवर दिलावरनं कधी कुणाला सोडलंय का?”

स्वतःच हसले. अम्मा नाही हसल्या. जाताना मला म्हणाल्या, “खा रे लोकेश. किती वाळलास!”

पुडी तशीच खणात ठेवली.

११ जानेवारी

गोणीतली दिलावरची उरलेली पुस्तकं काढली. त्यांत ‘आशीर्वाद’ बरोबर — सगळीकडे! म्हणजे ती बारा एकाच हातची. पण कुणाच्या?

१२ जानेवारी

अम्मांकडून त्यागीजींचं पहिलं पुस्तक आणलं. स्वतःच्या नावानं छापलेलं हे एकच. पान ४१ — आशिर्वाद!

म्हणजे मी बारा पुस्तकांतून त्यांची सही पुसली. संध्याकाळपर्यंत सगळ्या वेलांट्या परत पहिल्या केल्या. दोनदा तपासल्या.

१३ जानेवारी

लालाजींनी पानं चष्म्याजवळ धरून पाहिली. “पंडित, तू तर दिलावरचाही बाप निघालास!” बाराही पुस्तकांवर त्यागीजींचं नाव येणार!! अम्मांना एवढंच कळवलं, की पुरावा मिळाला. पुरावा म्हणजे यजमानांची चूक, हे कसं सांगणार?

२ मार्च

पहिल्या दोन प्रती घेऊन अम्मांकडे गेलो. यजमानांच्या नावावरून किती तरी वेळ बोट फिरवत होत्या. माझ्या प्रतीवर काही लिहून द्या म्हटलं.

“मी रे काय लिहिणार?” म्हणाल्या. मग झरझर, न थांबता लिहिलं — लोकेशला अनेक आशिर्वाद.

माझं बोट ‘शि’च्या वेलांटीवर थांबलं. पहिली! मग ती बारा पुस्तकं कुणाच्या हातची?

“काय रे, चुकलं का?”

“नाही अम्मा. अगदी बरोबर आहे.”